लेण्यांना लागलेला लोणा

मुंबईतलं जोगेश्वरीचं लेणं सहाव्या शतकातलं. आज त्याच्या चारही बाजूंनी, अगदी कातळाच्या माथ्यापर्यंत वस्ती आली आहे. पावसाळ्यात आत छत ठिबकतं, आणि भिंतीवरची कितीतरी शिल्पं आता ओळखूही येत नाहीत. कान्हेरी मात्र राष्ट्रीय उद्यानाच्या जंगलात आहे. दोन्ही केंद्र-संरक्षित, दोन्हींना प्राचीन स्मारकांविषयीचा १९५८ चा कायदा लागू. २०१० च्या दुरुस्तीनुसार संरक्षित हद्दीपासून १०० मीटरांत नवं बांधकाम करता येत नाही आणि त्यापुढच्या २०० मीटरांत परवानगी लागते. आसपासच्या रहिवाशांना हा नियम जाचतो, हे खरंच आहे. पण लेण्यापासून अंतर का राखायचं, हे कातळच सांगतो.

कान्हेरी आणि अंधेरीच्या महाकालीची लेणी ज्वालामुखीय ब्रेशियात कोरलेली आहेत. राखेच्या मऊ गाऱ्यात कठीण दगडांचे तुकडे अडकून हा खडक घडला, सहा कोटींहून अधिक वर्षांपूर्वी. गारा आधी झिजतो, मग तुकडे निखळतात.

खरा शत्रू म्हणजे पाण्यातले क्षार. झिरपणारं पाणी वाटेत क्षार विरघळवून घेतं. भिंतीपाशी ते सुकतं आणि क्षारांचे स्फटिक दगडाच्या छिद्रांतच वाढू लागतात. जागा अपुरी पडली की ते भोवतालचा दगड रेटतात आणि पापुद्रे सुटतात. जुन्या घरांच्या भिंतींना लागतो तोच हा लोणा. मुंबईत चार महिने ओल, आठ महिने सुकणं, असं हे चक्र दरवर्षी फिरतं. माथ्यावरून सांडपाणीही झिरपू लागलं की ओल बारमाही होते आणि क्षारांची भर पडत राहते.

कान्हेरीच्या भिक्खूंनी पाण्याला वाट करून दिली होती. तिथे डोंगरउतारावर पन्हळी कोरलेल्या आहेत आणि बहुतेक लेण्यांशेजारी पाण्याची पोढी, म्हणजे कातळात खोदलेलं टाकं, आहे. पावसाचं पाणी असं वळवलं की पिण्याची सोय होते आणि कातळात मुरणारं पाणीही कमी होतं. मला ही व्यवस्था तिथल्या शिल्पांइतकीच मोलाची वाटते.

म्हणूनच १०० मीटरांचं वर्तुळ आखून काम संपत नाही. लेण्याच्या माथ्यावरचं पाणी कुठून येतं, कुठे मुरतं, याचा नकाशा आधी हवा. गळती सिमेंटने बुजवणं तर घातकच. सिमेंटमधून ओल सहज बाहेर पडत नाही, ती शेजारच्या मूळ दगडातून वाट काढते. शिवाय सिमेंटचे स्वतःचे क्षार त्यात मिसळतात. चुन्याचा गिलावा ओल बाहेर पडू देतो आणि लोणा लागलाच तर आधी तो स्वतः झिजतो. तो काढून पुन्हा लावता येतो.