मेटामॅजिक

मेटामॅजिक : ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ (डी अँड डी) या कल्पनारम्य भूमिका-खेळात मंत्राची ताकद वाढवण्याचे किंवा त्याचे रूप बदलण्याचे तंत्र. जादूगार मंत्र तोच टाकतो, पण जादा किंमत मोजून त्याचा मारा वाढवतो, पल्ला लांबवतो, प्रभाव जास्त वेळ टिकवतो किंवा ओठही न हलवता तो सोडतो. ही किंमत किती असावी, यावर या तंत्राचा सगळा इतिहास घडला आहे.

गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांचा हा खेळ १९७४ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झाला. १९९१ च्या एका पूरक पुस्तकात दुसऱ्या मंत्रांवर चालणारे मंत्र आले. त्यांतला एक, शत्रूला किती इजा होते हे ठरवणाऱ्या प्रत्येक फाशामागे एक गुण वाढवून देई. मात्र आज ओळखले जाते ते मेटामॅजिक २००० सालच्या तिसऱ्या आवृत्तीतले. तोवर खेळाची मालकी विझर्ड्स ऑफ द कोस्ट या कंपनीकडे गेली होती.

तिसऱ्या आवृत्तीत मंत्रांच्या पातळ्या शून्य ते नऊ. प्रत्येक पातळीचे किती मंत्र दिवसभरात टाकता येतील, हे रोजच्या शिध्यासारखे ठरलेले असते. त्या वाट्याला ‘स्लॉट’ म्हणतात. मेटामॅजिकची कौशल्ये (फीट) शिकलेला जादूगार सुधारलेला मंत्र वरच्या पातळीच्या स्लॉटमध्ये बसवतो. कालावधी दुप्पट करायला एक पातळी जास्त लागते, न बोलता मंत्र टाकायलाही एकच. ‘एम्पॉवर’ने फाशांवर ठरणारा परिणाम दीडपट होतो आणि त्याला दोन पातळ्या पडतात. ‘मॅक्सिमाइज’ला तीन; त्यात फासे टाकायचेच नाहीत, प्रत्येक फाशाचा सर्वोच्च आकडा धरायचा. एरवीच्या मंत्राबरोबर त्याच दमात आणखी एक मंत्र टाकू देणाऱ्या ‘क्विकन’ला चार.

हिशेब कसा चालतो ते फायरबॉलवर, म्हणजे आगीच्या गोळ्याच्या मंत्रावर, पाहावे. हा तिसऱ्या पातळीचा मंत्र. दहाव्या पायरीच्या (पायरी जादूगाराच्या अनुभवाची, पातळी मंत्राची) जादूगाराला त्यासाठी सहा बाजूंचे दहा फासे मिळतात, म्हणजे सरासरी ३५ इजा. एम्पॉवर केल्यावर सरासरी साधारण ५२ होते आणि पाचव्या पातळीचा स्लॉट जातो. मॅक्सिमाइज केल्यावर नेमकी ६०, पण स्लॉट सहावा. पाचव्याच पातळीचा ‘कोन ऑफ कोल्ड’ हा मंत्र याच जादूगाराच्या हातून सरासरी ३५ वरच थांबतो; एम्पॉवर केलेल्या फायरबॉलला गाठायला त्याला पंधरावी पायरी यावी लागते. जुना मंत्र नव्याला भारी पडावा, हे नियम लिहिणाऱ्यांच्या मनात होते की नाही कोण जाणे. खेळाडूंनी मात्र ते लगेच हेरले.

यात एक मेख आहे. स्लॉट वरचा गेला, तरी मंत्राची मूळ पातळी बदलत नाही. त्यामुळे शत्रूला बचावाच्या फाशात जो आकडा गाठायचा असतो, तो तिसऱ्या पातळीच्या मंत्राचाच राहतो. तो वाढवायचा तर ‘हायटन’ हे वेगळे कौशल्य लागते. शिवाय अभ्यासाने जादू शिकलेल्या विझर्डला सकाळी मंत्र तयार करतानाच कोणता मंत्र कसा सुधारायचा हे ठरवावे लागते. उपजत जादू असलेला सॉर्सरर आयत्या वेळी ठरवू शकतो, पण मग मंत्र टाकायला जास्त वेळ जातो. पैसा असेल तर मेटामॅजिकचे दंड विकत मिळतात. ते दिवसातून तीनदा चालतात आणि स्लॉट वाढवत नाहीत. एम्पॉवरच्या सर्वांत लहान दंडाची किंमत ९,००० सुवर्णमुद्रा, आणि तो तिसऱ्या पातळीपर्यंतच्याच मंत्रांना चालतो.

किंमत चुकवण्याच्या वाटा पुढे याहून रुंद झाल्या. २००३ च्या सुधारित नियमांनंतर पुरोहितांसाठी (क्लेरिक) ‘डिव्हाइन मेटामॅजिक’ आले. भुताखेतांना पिटाळून लावण्याची पुरोहिताची शक्ती दिवसात ठरावीक वेळाच वापरता येते; ती खर्चून मेटामॅजिकची किंमत भागवायची सोय झाली. मंत्र चोवीस तास टिकवणाऱ्या ‘पर्सिस्टंट’ला एरवी तब्बल सहा पातळ्या जास्त लागत. आता शक्तीचे सात वापर दिले की काम होई, आणि असे वापर वाढवून देणारी जादूची काठीही उपलब्ध होती. काही क्षणांचे युद्धमंत्र दिवसभर अंगावर वागवणारा पुरोहित शेजारच्या योद्ध्यालाच निरुपयोगी करू लागला. क्लेरिक किंवा ड्रुइड (निसर्गपूजक पुरोहित) बाकीच्यांना झाकोळून टाकतो, या तक्रारीला खेळाडूंनी ‘कॉडझिला’ असे नाव दिले आहे. एवढी ढिलाई आवृत्तीच्या ताळेबंदाला परवडणारी नव्हती, हे उघड आहे.

२०१४ च्या पाचव्या आवृत्तीने हात आखडला. मेटामॅजिक हे सॉर्सररचे वैशिष्ट्य झाले आणि वरच्या स्लॉटऐवजी ‘सॉर्सरी पॉइंट’ या सॉर्सररच्या वेगळ्या साठ्यातून किंमत मोजायचे ठरले. एम्पॉवर आता एका पॉइंटात मिळते, पण दीडपट इजा गेली. त्याऐवजी सॉर्सररच्या करिश्म्यावर (व्यक्तिमत्त्वाच्या प्रभावावर) मिळणाऱ्या बोनसइतके फासे पुन्हा टाकता येतात. बोनस पाच असलेल्याला आठ फाशांच्या फायरबॉलमध्ये सरासरी पाच-सहा गुणांचीच भर पडते. स्वस्त आहे, पण जुन्या खेळाडूंना बेचवच वाटते.

तिसऱ्या आवृत्तीच्या नियमांवर उभ्या राहिलेल्या ‘पाथफाइंडर’ या दुसऱ्या भूमिका-खेळाने (२००९) मेटामॅजिक तसेच पुढे नेले. त्याच्या दुसऱ्या आवृत्तीची २०२३ पासून जी सुधारित पुस्तके आली, त्यांत डी अँड डीच्या परवान्यापासून मोकळे होण्यासाठी बरीच नावे बदलली. मेटामॅजिकचे ‘स्पेलशेप’ झाले. संगणकावर २००२ च्या ‘नेव्हरविंटर नाइट्स’मध्ये जुनी पद्धत आहे, तर २०२३ च्या ‘बाल्डर्स गेट ३’मध्ये नवी. ‘ट्विन’ (एक मंत्र दोघांवर टाकण्याचे मेटामॅजिक) करून ‘हेस्ट’ हा वेग वाढवणारा मंत्र एकाच वेळी दोन साथीदारांवर टाकणे, ही ‘बाल्डर्स गेट ३’मधली लाडकी चाल. मात्र सॉर्सररचे लक्ष विचलित झाले की दोघेही साथीदार एकदमच ढेपाळतात. डी अँड डीच्या २०२४ च्या नियमांत ट्विन स्वस्त झाले, पण वरच्या स्लॉटने टाकल्यावर ज्यांच्या लक्ष्यांची संख्या वाढते अशाच मंत्रांपुरते उरले. हेस्ट त्या यादीत बसत नाही.