कोंढाण्याचा उंदीर नक्की कुणाचा नातलग?

सिंहगडाच्या माथ्यावर उंदराची एक जात राहते. बराच काळ जगात ती दुसरीकडे कुठेही नोंदली गेली नव्हती. मिश्रा आणि धांडा या संशोधकांनी १९७५ साली तिचं वर्णन केलं आणि गडाच्या जुन्या नावावरून तिचं नाव ठेवलं मिलार्डिया कोंडाना. समुद्रसपाटीपासून सुमारे १,२७० मीटर उंचीवरचा जेमतेम एक चौरस किलोमीटरचा माथा एवढंच तिचं तेव्हा माहीत असलेलं घर. आंतरराष्ट्रीय यादीत ती 'अतिसंकटग्रस्त' आहे. तरीही बहुतेकांच्या लेखी हा 'उंदीरच', म्हणजे माळ्यावर खुडबुडणाऱ्या घरउंदराचा भाऊबंद. ही समजूत चुकीची आहे आणि ती का चुकीची, हे पाहण्यात खरी मजा आहे.

गोष्ट सुरू होते ती मेटाडपासून. मेटाड हा याच मिलार्डिया प्रजातीतला (प्रजाती म्हणजे जवळच्या जातींचा गट), शेताच्या बांधावर राहणारा मऊ केसांचा उंदीर. वॉल्टर इलियट या अधिकाऱ्याने तो धारवाड भागात मिळवला. तिथल्या वडार लोकांच्या बोलीतलं त्याचं नावच शास्त्रीय नावात गेलं आणि १८३७ मध्ये ग्रे यांनी तो 'गोलुंडा मेल्टाडा' म्हणून प्रसिद्ध केला. गोलुंडा म्हणजे झुडपी उंदरांची प्रजाती. पुढे १९११ मध्ये ओल्डफिल्ड थॉमस यांनी वेगळी प्रजाती मांडली आणि बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे मिलार्ड यांच्यावरून तिला मिलार्डिया म्हटलं. एवढं होऊनही आपल्याकडच्या पीकसंरक्षणाच्या लेखनात पुढची कित्येक वर्षं तो 'रॅटस मेल्टाडा', म्हणजे घरउंदराच्याच प्रजातीत राहिला. आजही या उंदराची जुनी माहिती शोधायची तर तिन्ही नावांनी शोधावी लागते, नाहीतर निम्मं साहित्य हातून निसटतं.

फरक ओळखायचा तर मागचा पाय उलटा करून तळवा भिंगाखाली धरावा. घरउंदराच्या तळव्यावर सहा ठळक गाद्या असतात, कारण त्याला भिंत, दोर, फांदी पकडून चढायचं असतं. जमिनीवरच वावरणाऱ्या मेटाडला चार किंवा पाचच असतात. मग शेपूट पाहावी. घरउंदराची शेपूट डोकं-धडापेक्षा लांब, मेटाडची थोडी आखूड. केसांत राठपणा नाही. कवटी हाती असेल तर टाळूवरच्या दोन लांबट फटी पाहाव्यात, मिलार्डियात त्या दाढांच्या ओळींमध्ये शिरलेल्या असतात. कोंढाण्याचा उंदीर मेटाडपेक्षा मोठा असतो, पण नुसत्या आकारावर विसंबलं की फसगत होते. अर्धवट वाढलेला मोठ्या जातीचा उंदीर आणि पूर्ण वाढलेला लहान जातीचा उंदीर सारखेच भरतात. म्हणून प्रत्येक बाजूच्या तिन्ही दाढा उगवल्या आहेत का, त्या किती झिजल्या आहेत, हे आधी तपासायचं. मापंही ताज्या प्राण्याची घ्यायची, वाळलेलं कातडं आकसतं.

दात आणि गाद्या जवळचे भेद दाखवतात. दूरच्या नात्यासाठी डीएनए लागतो. सायटोक्रोम बी हे मायटोकाँड्रियातलं, म्हणजे पेशीच्या ऊर्जाघरातलं, सुमारे १,१४० अक्षरांचं जनुक यासाठी नेहमी वाचलं जातं, पण ते झपाट्याने बदलतं. फार जुन्या फाटाफुटीत एकाच जागेवर अक्षर पुन्हा पुन्हा बदललेलं असतं आणि जुनी खूण पुसली जाते. त्यामुळे केंद्रकातली सावकाश बदलणारी जनुकंही जोडीला घ्यावी लागतात. अशा जोड पुराव्यावर २००८ मध्ये मिलार्डिया आणि तिच्या जवळच्या भारतीय प्रजातींचा मिलार्डिनी हा स्वतंत्र गट मांडला गेला. घरउंदीर आणि घूस यांचा गट वेगळा. मिलार्डिनीचे सर्वांत जवळचे नातलग निघाले ते आफ्रिकेतले गवताळ उंदीर, पट्टेरी उंदीर आणि आपला झुडपी गोलुंडा यांच्या शाखेतले! म्हणजे ग्रे यांनी वरवरच्या रूपावरून केलेली १८३७ ची जोडणी बरोबर नव्हती, पण नंतरच्या रॅटसपेक्षा ती सत्याच्या जास्त जवळ होती. आणखी एक गोष्ट दचकवणारी आहे. स्वयंपाकघरातली इवलीशी घरपिटुकली, म्हणजे मस प्रजातीचा छोटा उंदीर, मिलार्डियाला मोठ्या घरउंदरापेक्षा जवळची आहे. चण सारखी म्हणून नातं जवळचं, असं इथे अजिबात चालत नाही.

या फाटाफुटीचं वय ठरवायला पाकिस्तानातल्या पोटवार पठारावरचे शिवालिक थर उपयोगी पडले. तिथल्या जीवाश्मी दाढांत कर्निमाटा (आफ्रिकी गवताळ उंदरांच्या बाजूचा) आणि प्रोगोनोमिस (मसच्या बाजूचा) हे दोन वंश एकमेकांपासून हळूहळू दूर जाताना दिसतात. त्यावरून मसची शाखा आणि आफ्रिकी गवताळ उंदरांची शाखा सुमारे १.१ कोटी वर्षांपूर्वी वेगळी झाली, असं मानलं जातं. मिलार्डिया या दुसऱ्या बाजूची आहे. घरउंदराचा गट त्याहीआधी फुटून निघाला होता.

गडावर नमुना घ्यायचा तर आधी वन खात्याची परवानगी, मग संध्याकाळी जिवंत पकडणारे पिंजरे. मारण्याची गरज नसते, कानाच्या कडेचा दोनेक मिलिमीटरचा तुकडा पुरतो. तो लगेच ९५ टक्के अल्कोहोलमध्ये टाकायचा. फॉर्मॅलिनमध्ये टाकला की डीएनए प्रथिनांशी जखडला जातो, तुकड्यांत मोडतो आणि वाचता येत नाही. शिवाय पिंजऱ्यात पुष्कळदा माणसांच्या खरकट्यावर पोसलेला घरउंदीरच येतो, म्हणून तळव्याचा फोटो प्रत्येक वेळी काढून ठेवायचा. आणि उजाडायच्या आत प्राणी सोडून द्यायचा, ज्या दगडापाशी पिंजरा लावला होता तिथेच.