सिडो, मॅक्स व्हॉन

सिडो, मॅक्स व्हॉन : (१० एप्रिल १९२९ – ८ मार्च २०२०). स्वीडिश रंगभूमी व चित्रपट अभिनेते. मूळ नाव कार्ल अडोल्फ. जन्म दक्षिण स्वीडनमधील लुंड या विद्यापीठनगरीत. वडील कार्ल विल्हेल्म हे लोकसाहित्याचे नामांकित अभ्यासक व लुंड विद्यापीठात प्राध्यापक, आई शिक्षिका. आडनावाचा स्वीडिश उच्चार ‘सूदॉव्ह’च्या जवळ जातो, मराठीत रुळलेले ‘सिडो’ हे रूप येथे कायम ठेवले आहे.

‘मॅक्स’ हे नाव त्यांनी सक्तीच्या लष्करी सेवेच्या काळात, म्हणजे साधारणतः १९४०–५० या दशकाच्या उत्तरार्धात घेतले. त्याच्या उगमाविषयी दोन कथा आढळतात. पिसवांच्या सर्कशीतील मुख्य पिसवेचे हे नाव होते व ते त्यांनी उचलले, ही अधिक प्रचलित कथा. दुसरीनुसार, सैनिकांच्या करमणुकीच्या एका कार्यक्रमात त्यांनी स्वतःच मॅक्स नावाच्या पिसवेचे सोंग वठवले होते. नट हौसेने केलेल्या पहिल्या भूमिकेचे नाव जपतो हे स्वाभाविक असल्याने दुसरी कथा अधिक पटण्याजोगी आहे. पिसू मात्र दोन्ही कथांत समान आहे.

शाळकरी वयात माल्म शहराच्या नव्या नाट्यगृहात पाहिलेल्या शेक्सपिअरच्या ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ने त्यांना नाटकाची ओढ लावली. १९४८ ते १९५१ या काळात स्टॉकहोमच्या शाही नाट्यगृहाच्या (रॉयल ड्रामॅटिक थिएटर) अभिनयशाळेत शिक्षण झाले. नंतर नॉरशॉपिंग–लिंशॉपिंग व हेल्सिंगबोर्ग येथील नगर-रंगभूमीवर काम करून १९५५ मध्ये ते माल्मला आले. तेथे स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन नाटके बसवीत. इब्सेनचा पेअर गिंट, मोल्येरचा आल्सेस्त आणि गटेच्या ‘उरफाउस्ट’मधील फाउस्ट या त्यांच्या तेथील प्रमुख भूमिका. हिवाळ्यात नाटक आणि उन्हाळ्यात त्याच नटसंचाला घेऊन चित्रपट, असा बर्गमन यांचा शिरस्ता होता. सिडो यांच्या पडद्यावरील अभिनयात जो संयम दिसतो त्याचे मूळ या तालमीत आहे. त्यांना केवळ ‘बर्गमनचा चित्रपटनट’ म्हणणे अपुरे ठरते.

बर्गमन यांच्या अकरा चित्रपटांत त्यांनी कामे केली. ‘द सेव्हन्थ सील’मध्ये (१९५७) धर्मयुद्धाहून परतलेला व समुद्रकाठी मृत्यूशी बुद्धिबळ खेळणारा सरदार त्यांनी साकारला, तेव्हा चित्रीकरणसमयी ते सत्तावीस वर्षांचे होते. ‘द व्हर्जिन स्प्रिंग’मध्ये (१९६०) मुलीच्या हत्येचा सूड घेण्यापूर्वी बाप माळावरच्या एकट्या कोवळ्या बर्च झाडाशी झटतो, त्याला अंगाच्या भाराने आडवे करतो. शब्द नाहीत, चेहराही नीट दिसत नाही. उंच, सडपातळ देहच सारा शोक बोलून जातो. त्यांच्या अभिनयाचा याहून नेमका नमुना दाखवता येणार नाही.

‘द ग्रेटेस्ट स्टोरी एव्हर टोल्ड’मध्ये (१९६५) येशूची भूमिका करून त्यांनी हॉलिवुडमध्ये प्रवेश केला. ‘द एक्झॉर्सिस्ट’मधील (१९७३) वृद्ध पाद्री त्यांनी चव्वेचाळिशीच्या आसपास, भरघोस रंगभूषेच्या साहाय्याने उभा केला. यान ट्रोएल यांच्या ‘द एमिग्रंट्स’ (१९७१) व ‘द न्यू लँड’ (१९७२) या चित्रपटांत अमेरिकेला जाणारा स्वीडिश शेतकरी त्यांनी रंगवला. बिले ऑगस्ट यांच्या ‘पेले द कॉन्करर’मध्ये (१९८७) ते मुलाला घेऊन डेन्मार्कच्या बॉर्नहोम बेटावर मजुरीला येणारा विधुर लासे झाले. मुलाला दिलेला शब्द पाळण्याची ताकद नसलेल्या बापाची ही भूमिका त्यांची सर्वश्रेष्ठ मानावी लागेल. तिला ऑस्करचे नामांकन लाभले. १९८८ मध्ये त्यांनी ‘काटिंका’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्याच वर्षी लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात त्यांनी शेक्सपिअरच्या ‘द टेम्पेस्ट’मधील प्रॉस्पेरो केला.

उत्तरायुष्य फ्रान्समध्ये गेले. २००२ मध्ये त्यांनी फ्रेंच नागरिकत्व घेतले. ‘एक्स्ट्रीमली लाउड अँड इन्क्रेडिबली क्लोज’मध्ये (२०११) न बोलणाऱ्या, तळहातांवर ‘हो’ व ‘नाही’ लिहून ठेवणाऱ्या म्हाताऱ्याच्या भूमिकेसाठी दुसरे ऑस्कर नामांकन मिळाले. फ्रान्समध्येच त्यांचे निधन झाले.