केल्विन: आडनाव नसलेलं आडनाव

दरवर्षी जूनमध्ये शाळा सुरू झाली की मी आठवीच्या वर्गाला एक काम देतो. वहीचं एक पान आखायचं, तीन रकाने करायचे: नाव, आडनाव आणि दोन्हींचे अर्थ. घरात आजी-आजोबांना विचारायचं आणि आठवड्याने पान घेऊन यायचं. विज्ञानाच्या तासाला हे कशाला, असं सहकारी विचारतात. पण शब्द कुठून आला हे शोधणारा मुलगा पुरावा मागायला शिकतो, असा माझा अनुभव आहे.

कोल्हापूरच्या वर्गात हे पान फार बहारीचं होतं. कुणी नेजदार असतो. नेजा म्हणजे भाला, तेव्हा पूर्वज भालेकरी. कुणी जामदार, म्हणजे जामदारखाना सांभाळणारे. शिरोळकडची मगदूम आडनावाची मुलं हमखास असतात. हा शब्द मूळचा अरबी, 'मख्दूम', म्हणजे ज्याची सेवा केली जाते तो, धनी. गावाच्या नावाला 'कर' लावलेली आडनावं तर ढिगाने. पाटील एका वर्गात पाच-सहा तरी निघतात, आणि मग हाक मारताना नाव-आडनाव दोन्ही घ्यावं लागतं.

काही वर्षांपूर्वी अशाच एका पानावर एक रकाना रिकामा होता. मुलाचं नाव केल्विन. आडनावाचा अर्थ त्यानं नीट लिहिला होता, नावाच्या अर्थाची जागा मात्र कोरी. वर्गातली पोरं त्याला 'केळवण' म्हणून चिडवायची. मान खाली घालून म्हणाला, "सर, ह्याला अर्थच न्हाई म्हणं. बाबांनी पुस्तकात बघून ठेवलंय."

त्याचे वडील शिरोलीच्या एमआयडीसीत फौंड्रीत कामाला होते, भट्टीवर. नाव त्यांनी उगाच ठेवलेलं नव्हतं, हे मला नंतर कळलं. पण अर्थ नाही हे मला पटेना. अर्थ नसलेलं नाव जगात फारसं सापडत नाही. अर्थ विसरला गेलेला असतो, इतकंच.

शोध घ्यायला बसलो आणि पहिल्याच पायरीवर थबकलो. तापमानाच्या एककाला ज्यांचं नाव आहे त्या लॉर्ड केल्विन यांचं आडनाव केल्विन नव्हतंच. ते होते विल्यम थॉमसन. जन्म बेलफास्टचा, २६ जून १८२४. वडील जेम्स थॉमसन गणिताचे प्राध्यापक. मुलगा वयाच्या बाविसाव्या वर्षी, १८४६ साली, स्कॉटलंडमधल्या ग्लासगो विद्यापीठात प्राध्यापक झाला आणि १८९९ पर्यंत, तब्बल ५३ वर्षं, त्याच जागेवर राहिला.

थॉमसन म्हणजे थॉमसचा मुलगा. आणि थॉमस हा शब्द अरामी भाषेतला, अर्थ 'जुळा'. म्हणजे कधी काळी कुणा थॉमसच्या पोराला लोक 'थॉमसचा' म्हणून ओळखू लागले, आणि पुढच्या पिढ्यांना तेच चिकटलं. आपण नाव आणि आडनावाच्या मध्ये वडिलांचं नाव लिहितो. आपल्याकडे ते दर पिढीला बदलतं, स्कॉटलंडमध्ये ते एका पिढीवर थांबलं आणि आडनाव झालं. तिकडे थॉमसन इतके, की इकडे जसे पाटील.

१८९२ साली विल्यम थॉमसन यांना सरदारकी, म्हणजे 'लॉर्ड' ही पदवी, मिळाली. सरदाराला पदवीसाठी नाव लागतं. त्यांनी निवडलं केल्विन. ही ग्लासगोतली एक नदी. लांबी जेमतेम ३५ किलोमीटर. विद्यापीठ १८७० साली ज्या टेकडीवर हललं, तिच्या पायथ्याशीच ही नदी वाहते. आपल्याकडे असं समजा, की कोल्हापुरातल्या एखाद्या शिंदे आडनावाच्या प्राध्यापकांना सरदारकी मिळाली, त्यांनी 'भोगावती' ही पदवी घेतली आणि पुढे सगळं जग त्यांना भोगावती म्हणूनच ओळखू लागलं. माणूस मागे पडला, नदी पुढे गेली.

नदीच्या नावाचा अर्थ काय? सर्वांत प्रचलित व्युत्पत्ती स्कॉटलंडच्या जुन्या गेलिक भाषेतली आहे: 'अरुंद पाणी'. नद्यांची नावं बहुधा फार जुनी असतात, राज्यं आणि भाषा बदलल्या तरी टिकतात. त्यामुळे अशा व्युत्पत्तीवर थोडं जपूनच विसंबावं लागतं. मुलांच्या नावांच्या संकेतस्थळांवर केल्विनचा अर्थ 'जहाजांचा मित्र' असाही दिलेला दिसतो. तो मला मान्य नाही. पहिलं नाव म्हणून केल्विन रुळलं ते विसाव्या शतकात, लॉर्ड केल्विन यांची कीर्ती झाल्यावर. मग त्याचा अर्थ शोधायचा तर नदीपाशीच जायला हवं. कॅल्विन हे नाव कानाला जवळचं वाटतं, पण त्याचं मूळ लॅटिन आहे आणि अर्थ आहे 'टकला'. दोन नावं सारखी वाजली म्हणून ती भावंडं होत नाहीत.

आडनावाचं पहिलं नाव करायची पद्धत इंग्रजांत आणि स्कॉटिश लोकांत जुनी आहे. स्टॅन्ली, मिल्टन, नेल्सन ही सगळी मुळात आडनावंच. त्यामागे पुष्कळदा आईचं माहेर असतं. लग्नानंतर माहेरचं आडनाव कागदावरून पुसलं जातं, म्हणून ते मुलाच्या नावात गुंफून ठेवायचं. पूल, बोगदे आणि रेल्वे बांधणारे प्रसिद्ध अभियंते इसम्बार्ड किंग्डम ब्रुनेल यांच्या नावातलं 'किंग्डम' म्हणजे त्यांच्या आईचं, सोफिया किंग्डम यांचं, माहेरचं आडनाव. ही युक्ती मला फार आवडते. आपल्याकडे १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या कागदपत्रांत आईचं नाव येतं, ते चांगलंच झालं. पण आईचं माहेरचं आडनाव अजूनही कुठल्या रकान्यात बसत नाही.

आडनाव नाहीसं होणं ही गोष्ट दिसते तितकी दुर्मीळ नाही. १८७३ साली इंग्रज शास्त्रज्ञ फ्रान्सिस गॉल्टन यांनी हा प्रश्न गणितज्ञांपुढे टाकला: मोठमोठ्या घराण्यांची आडनावं लोप पावताना दिसतात, ते त्यांच्यात काही उणं आहे म्हणून, की निव्वळ योगायोगाने? हेन्री वॉटसन यांनी उत्तर शोधलं आणि १८७४ मध्ये दोघांचा मिळून लेख आला. त्यातलं गणित वर्गात करून दाखवता येतं, आणि मी ते करतो.

चाळीस मुलं, प्रत्येकाच्या हातात दोन नाणी. प्रत्येक जण एका घराण्याचा मूळ पुरुष. दोन्ही नाणी उडवायची. जितके छापे पडतील तितके मुलगे. दोन काटे पडले, तर घराण्याचं आडनाव तिथंच थांबलं. सरासरी काढली तर प्रत्येकाला एक मुलगा, म्हणजे लोकसंख्या घटत नाही. तरीही हिशेबाप्रमाणे पहिल्या फेरीत चाळीसपैकी दहा आडनावं जातात. आमच्या वर्गात त्या दिवशी अकरा गेली. मग उरलेल्यांनी प्रत्येक मुलासाठी पुन्हा दोन नाणी उडवायची. दुसऱ्या पिढीअखेर सोळाच्या आसपास आडनावं संपलेली असतात आणि तिसऱ्या पिढीअखेर एकोणीस. आजोबा, बाप, नातू एवढ्यात निम्मी आडनावं गायब, आणि ती कुणाच्याही दोषाने नव्हे. उरलेली मात्र फोफावतात. शेवटी वर्गात मोजकी आडनावं उरतात आणि त्यांची माणसं पुष्कळ. पाटील एका वर्गात पाच-सहा का असतात, याचं अर्धं उत्तर या नाण्यांत आहे. उरलेलं अर्धं असं, की पाटील हे गावोगावचं पद होतं, एका घराण्याचं नाव नव्हे.

मुली मध्येच हात वर करतात, आणि करायलाच हवेत. "सर, आम्ही कुठं गेलो?" घराणं बुडालं असं आपण म्हणतो तेव्हा लेकीबाळी, त्यांची मुलं-नातवंडं सगळी हयात असतात. बुडतो तो फक्त आडनावाचा नियम. माणसं शिल्लक असतात आणि कागद म्हणतो संपली. हे गणित शिकवताना मी ही गोष्ट दोनदा सांगतो.

वॉटसन यांच्या हिशेबात एक चूक राहिली होती. सरासरी एकापेक्षा जास्त मुलगे झाले तरी प्रत्येक आडनाव शेवटी संपणारच, असं त्यांना वाटलं. ते खरं नाही, तेव्हा काही आडनावांना कायम टिकण्याची संधी असते. पुढे ती चूक दुरुस्त झाली आणि हेच गणित अणुभट्टीत एका न्यूट्रॉनमुळे पुढचे न्यूट्रॉन सुटत जातात ती साखळी चालू राहील की विझेल हे सांगायला उपयोगी पडलं. रोगाची साथ पसरेल की शमेल, हेही त्याच वाटेने मोजतात. आडनावांच्या चिंतेतून निघालेलं गणित अणूपर्यंत पोचलं, याचं मला अजून नवल वाटतं.

आडनाव बापाकडून मुलाकडे जातं तसंच वाय गुणसूत्रही, म्हणजे पेशीतला फक्त पुरुषांत असणारा आनुवंशिक धागाही, जातं. २००० साली आनुवंशिकीचे अभ्यासक ब्रायन साइक्स यांनी स्वतःच्याच आडनावाचे पुरुष गाठून त्यांचं वाय गुणसूत्र तपासलं, तेव्हा जवळजवळ निम्म्यांचं एकाच छापाचं निघालं. पुढच्या अभ्यासांत दिसलं, की आडनाव जितकं विरळ तितकं हे साम्य जास्त. स्मिथसारख्या आडनावात ते जवळपास नसतंच, कारण स्मिथ म्हणजे लोहार आणि लोहार गावोगावी होते. आपल्याकडे सोयरीक जुळवताना नुसतं आडनाव बघून कुणी थांबत नाही, कूळ आणि देवक विचारतात. आडनाव एक असलं म्हणजे रक्त एक असतंच असं नाही, हे आपल्या जुन्या माणसांना पक्कं ठाऊक होतं.

आणि नाव चालतं ठेवायला रक्तच लागतं असंही नाही, हे तर कोल्हापूरला सांगायलाच नको. कागलच्या घाटगे घराण्यातले यशवंतराव १८८४ साली आनंदीबाई राणीसाहेबांनी दत्तक घेतले आणि ते शाहू छत्रपती झाले. नावही बदललं, आडनावही बदललं. गणिताच्या भाषेत सांगायचं तर नाण्यांवर दोन काटे पडले होते आणि माणसांनी तो निकाल मान्य केला नाही. महाराजांचा जन्म २६ जून १८७४ चा. केल्विन यांचाही २६ जून, बरोबर ५० वर्षं आधीचा. गॉल्टन आणि वॉटसन यांचा लेख १८७४ चा. हा निव्वळ योगायोग आहे, त्यातून काही सिद्ध होत नाही. पण दसरा चौकात शाहू जयंतीला पुतळ्याला हार घालताना आमचा केल्विन आता दोन वाढदिवस साजरे करतो, याला माझी हरकत नाही.

लॉर्ड केल्विन यांची दोन लग्नं झाली, मूल झालं नाही. १७ डिसेंबर १९०७ ला ते गेले आणि सरदारकी त्यांच्याबरोबरच संपली. लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत न्यूटन यांच्याजवळ त्यांना पुरलं. न्यूटन यांनाही मूलबाळ नव्हतं. दोघांची नावं आज एककं आहेत, एक बलाचं आणि एक तापमानाचं.

ते एकक समजावून सांगायला मी प्रयोगशाळेत गेलो नाही. लक्ष्मीपुरीतून एलईडी बल्बची दोन खोकी आणली. एकावर ३००० के, दुसऱ्यावर ६५०० के. मुलांना वाटायचं ही किंमत किंवा मॉडेलचा नंबर. 'के' म्हणजे केल्विन. तितक्या केल्विनपर्यंत तापलेली वस्तू ज्या रंगाचा प्रकाश देईल, त्या रंगाचा हा बल्ब. ३००० ला पिवळसर, ६५०० ला निळसर पांढरा. बल्ब तितका तापत नाही, रंगाची ती ओळख आहे. दोन्ही लावून भिंतीवर हात धरला आणि सावल्यांच्या कडा वेगळ्या रंगाच्या दिसल्या, तेव्हा वर्ग गप्प झाला.

मग केल्विन बोलला. "बाबा भट्टीचा रंग बघून सांगतात, रस झाला का न्हाई ते." फौंड्रीत वितळलेल्या लोखंडाला रसच म्हणतात. आता तापमापक असतो, पण जुना कामगार आधी डोळ्यानं बघतो: तांबडा, केशरी, मग पिवळाधमक. साच्यात ओतताना रस १४०० अंश सेल्सिअसच्या आसपास असतो. त्यात २७३ मिळवले की साधारण १६७३ केल्विन. थॉमसन यांनी १८४८ साली हेच मांडलं होतं, की तापमानाचं शून्य पाणी गोठण्यापाशी धरू नये. ज्याच्या खाली जाताच येत नाही ते खरं शून्य, म्हणजे उणे २७३.१५ अंश सेल्सिअस. या मापाला अंश लावत नाहीत. १६७३ अंश केल्विन म्हणायचं नाही, नुसतं १६७३ केल्विन.

वडिलांनी नाव का ठेवलं ते मुलाला तेव्हा उमगलं असावं. त्यानं वही उघडली आणि पेन्सिलीनं कोऱ्या रकान्यात लिहिलं: नदी. आपल्याकडे कृष्णा, तुळशी, गोदावरी ही नदीची नावं बायकांना असतात, पोराला नदीचं नाव म्हणजे जरा नवंच, असं एक मुलगी म्हणाली. तो हसला. केळवण म्हणून हाक मारणारा शेजारचा मुलगा नकाशा काढून ग्लासगो शोधायला लागला.

"सर, पुढं कुठं जाती ती नदी?"

"क्लाइड म्हणून मोठी नदी आहे, तिला मिळते. मग समुद्राला."

"म्हंजे आपली पंचगंगा नरसोबाच्या वाडीला कृष्णेला मिळती तशी."

"तशीच," मी म्हणालो, आणि त्यानं 'नदी'च्या पुढं कंसात तेवढंही लिहून घेतलं.