अनंताची पिवळी पानं आणि अडकलेलं लोह

नर्सरीतून आणताना अनंत हिरवागार असतो. काही महिन्यांत नवी पालवी पिवळी पडू लागते आणि घरोघरी एकच उपाय सुरू होतो: आणखी खत. इथेच चूक होते. आधी कुठली पानं पिवळी आहेत ते पाहा. खालची जुनी पानं अख्खी पिवळी पडत असतील तर नत्र कमी आहे, कारण झाड जुन्या पानांतलं नत्र काढून नव्या पानांना देतं. लोह मात्र असं हलवता येत नाही. शेंड्याची कोवळी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या, म्हणजे लोह मिळत नाही.

मातीत लोह बहुधा असतंच. पण अनंताला आम्ल माती हवी, सामू (pH, म्हणजे आम्लता दाखवणारा आकडा; तो जितका कमी तितकी माती आम्ल) साधारण 5 ते 6.5. कोकणातली जांभ्याची लाल माती त्याला मानवते. देशावरची चुनखडीची काळी माती आणि बोअरचं जड पाणी यांनी सामू वर जातो. तिथे लोह विरघळत नाही, मुळांना घेता येत नाही. अंड्याची टरफलं, चुलीची राख, सिमेंटची कुंडी यांनीही हेच होतं.

बारा-चौदा इंची कुंडीत दोन भाग लाल माती, एक भाग कुजलेला पालापाचोळा, एक भाग कोकोपीट भरा. तळाची भोकं मोकळी हवीत. जमेल तेव्हा पावसाचं साठवलेलं पाणी द्या. पालवी पिवळी झालीच तर लिटरभर पाण्यात 3 ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट, लोहाचा क्षार) आणि 1 ग्रॅम सायट्रिक अ‍ॅसिड विरघळवून संध्याकाळी पानांवर फवारा, पंधरा दिवसांनी पुन्हा. द्रावण ताजंच वापरा. तांबूस झालं की लोह गंजलं, ते पानात शिरत नाही. फरशीवर सांडलं तर डाग निघत नाहीत. चुनखडीच्या मातीत नुसतं हिराकस टाकणं वाया जातं, तेही तिथेच अडकतं. आधीची पिवळी पानं पूर्ण हिरवी होतीलच असं नाही; नवी पालवी कशी येते ते बघा.

कळ्या गळण्याची कारणं वेगळी. कुंडी एकदाच कडक वाळली, कळ्या धरल्यावर तिची जागा हलवली किंवा रात्रीही उकाडा राहिला की कळ्या गळतात. सकाळचं चार-पाच तास ऊन आणि दुपारी सावली ही जागा उत्तम. उमललेलं फूल दोन-तीन दिवसांत पिवळसर होतं, तो रोग नव्हे.

छाटणी बहर ओसरल्यावर लगेच करा. उशीर झाला तर पुढच्या कळ्यांचे शेंडेच कापले जातात.