कीचकाचं डोकं आणि कात्री

मोबाईलवर दहा मिनिटांचा लघुपट काढून जातीवर, देवावर, पुढाऱ्यावर बोट ठेवणाऱ्या पोरांना कोल्हापुरात अजूनही ऐकावं लागतं : ‘हे प्रायोगिक-बियोगिक आपल्यातलं न्हवं.’ पण या गावातला सिनेमाच मुळात सिनेमाच्या धंद्याबाहेरच्या माणसांनी उभा केला. बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवायचे. भाऊ आनंदरावांबरोबर त्यांनी घरच्या घरी सिनेमाचा कॅमेरा बनवायचा घाट घातला. आनंदराव १९१६ मध्ये गेले, तरी बाबूरावांनी दादासाहेब मिस्त्रींना हाताशी धरून १९१८ मध्ये तो पुरा केला.

त्याच कॅमेऱ्यावरचा ‘सैरंध्री’ १९२० मध्ये पडद्यावर आला. बायकांची कामं बायकांनीच केली होती आणि भीमानं कीचकाचं मुंडकं उडवलेलं इतकं खरं वाटलं, की सेन्सॉरनं तो भाग कापायला लावला. म्हणजे कात्री आपल्याकडे पहिल्याच चित्रपटापासून आहे! १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये देव नव्हते, राजे नव्हते. खोट्या कागदावर जमीन गमावून गिरणीत मजुरीला गेलेला शेतकरी होता. अंधारी झोपडी आणि रडणारं कुत्रं एवढ्यावर उभं केलेलं त्यातलं दृश्य मला आजच्या कुठल्याही लघुपटाच्या तोडीचं वाटतं. शेतकरी झाले होते तरुण व्ही. शांताराम. पुढे १९३० मध्ये कोल्हापूरच्याच ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या शिवचरित्रपटाच्या नावातला ‘स्वराज्य’ शब्द इंग्रजांना खुपला, आणि चित्रपट ‘उदयकाल’ म्हणून लागला.

‘प्रभात’ १९३३ मध्ये पुण्याला गेली. कोल्हापूर मग ऐतिहासिक आणि तमाशापटांत रमलं. वाईट नव्हे, पण बंडखोरी पातळ झाली. ‘प्रभात’च्याच पुण्यातल्या जागेत १९६० मध्ये सरकारी फिल्म संस्था आली आणि तिथल्या वर्गांतून छोट्या फिल्मची वेगळी भाषा घडली.

कायद्याची बाजू १९७० मध्ये ठरली. दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास यांच्या चार शहरांवरच्या लघुपटातली वेश्यावस्तीची दृश्यं सेन्सॉर मंडळाला नको होती. सर्वोच्च न्यायालयानं पूर्व-सेन्सॉरशिप, म्हणजे दाखवायच्या आधीच चित्रपट तपासणं, घटनेत बसते, असा निकाल दिला.

नागराज मंजुळेंचा ‘पिस्तुल्या’ आला आणि राष्ट्रीय पुरस्कार घेऊन गेला, तेव्हा आपल्या वाडीवस्तीचाही लघुपट होतो हे पोरांना दिसलं. मोबाईल हाती आलाच होता. इंटरनेटवर टाकायला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागत नाही. तोच लघुपट थेटरात लावायचा झाला, की लागतं.