‘अवर गँग’ आणि ‘द लिटल रास्कल्स’: पोरं तीच, मग नावं दोन का?

स्पँकी, अल्फाल्फा, डार्ला, बकव्हीट. ही पोरं ज्या जुन्या कृष्णधवल विनोदी लघुपटांत धुमाकूळ घालतात, त्यांना कोणी ‘अवर गँग’ म्हणतं, कोणी ‘द लिटल रास्कल्स’. यूट्यूबवर एकच फिल्म दोन्ही नावांनी सापडते, त्यामुळे यातली एक मूळ मालिका आणि दुसरी तिची नक्कल असावी असं वाटू शकतं. नक्कल वगैरे काही नाही. हा सगळा गोंधळ मालकीहक्कांचा आहे.

निर्माता हॅल रोच याने कॅलिफोर्नियातल्या कल्व्हर सिटीच्या आपल्या स्टुडिओत 1922 साली ही मालिका सुरू केली. मोठ्यांसारखा अभिनय करणारी, नटवलेली, पढवलेली मुलं त्याला नको होती. गल्लीत भांडणारी, माती खाणारी, कुत्रं मागे घेऊन हिंडणारी पोरं हवी होती. दिग्दर्शक रॉबर्ट मॅक्गोवन या चिमुरड्यांना प्रसंग तोंडी समजावून द्यायचा, कारण त्यातल्या कित्येकांना वाचताही येत नव्हतं. मूकपटाच्या काळात कॅमेरा चालू असतानाही सूचना ओरडून देता यायच्या. 1929 मध्ये ही मालिका बोलकी झाली आणि ती सोय गेली. सर्वांत रंगतदार फिल्म्स मात्र त्यानंतरच्याच आहेत, असं माझं मत. टोळीतल्या स्टायमीची डर्बी हॅट, म्हणजे ती गोल टोपी, आठवते? ती त्याला स्टॅन लॉरेलने दिलेली होती. लॉरेल-हार्डी ही विनोदी जोडी त्याच स्टुडिओत काम करायची.

या सगळ्या काळात मालिकेचं नाव ‘अवर गँग’च होतं. पण शीर्षकात ‘हॅल रोच सादर करतो त्याचे रास्कल्स’ अशा अर्थाची ओळही यायची. म्हणजे ‘रास्कल्स’ हा शब्द टीव्हीवाल्यांनी हवेतून काढलेला नाही.

1936 च्या ‘बोअर्ड ऑफ एज्युकेशन’ या दहा मिनिटांच्या फिल्मला ऑस्कर मिळालं. पण तोवर थिएटरांत एका तिकिटात दोन चित्रपट दाखवायची पद्धत रुळली होती आणि लघुपटांना जागा उरत नव्हती. रोचला आता मोठे चित्रपट काढायचे होते. 1938 मध्ये त्याने नावासकट अख्खी मालिका एमजीएम या बड्या हॉलिवूड स्टुडिओला विकली. एमजीएमने ती 1944 पर्यंत चालवली आणि बंद केली. मूकपट धरून एकूण 220 लघुपट झाले, त्यांतले 52 एमजीएमने बनवलेले.

पुढे 1949 मध्ये रोचने आपल्या जुन्या फिल्म्सपैकी 1927 ते 1938 मधल्या फिल्म्सचे हक्क परत घेतले. ‘अवर गँग’ हे नाव मात्र एमजीएमने सोडलं नाही. एमजीएमचं बोधचिन्ह असलेला सिंह आणि हे नाव प्रिंटवरून काढून टाकायचं, अशी अटच होती. मग 1955 पासून रोचचे बोलपट अमेरिकन टीव्हीवर आले ते ‘द लिटल रास्कल्स’ या नव्या पाटीखाली. त्या पिढीने त्यांना त्याच नावाने ओळखलं. एमजीएमच्या 52 फिल्म्स ‘अवर गँग’ नावानेच राहिल्या.

तेव्हा ‘रास्कल्स’ची पाटी दिसली की फिल्म रोचची, हे जवळपास नक्की. ‘अवर गँग’ दिसलं तर मात्र साल पाहायला हवं. सुरुवातीला सिंह डरकाळी फोडतो म्हणून ती एमजीएमने बनवली असंही समजू नका. 1927 पासून रोचच्या फिल्म्सचं वितरण एमजीएमकडेच होतं, त्यामुळे त्यांच्या मूळ प्रिंटवरही सिंह आहेच.

नावापेक्षा फरक पडतो तो या निर्मात्यांमुळे. रोचच्या फिल्म्समध्ये पोरं मोडकंतोडकं जमवून गाडी बनवतात, गोठ्यात नाटक बसवतात, मोठ्यांना चकवतात. एमजीएमकडे गेल्यावर त्यांना धडे शिकवले जाऊ लागले: प्रामाणिकपणा, सुरक्षितता, युद्धकाळात देशप्रेम. शिवाय पोरं मोठी झाली होती आणि बोबड्या पोराचा खट्याळपणा वयात येणाऱ्या मुलाला शोभत नाही. बकव्हीट शेवटपर्यंत होता, पण त्याच्याही वाट्याला फारसं काही उरलं नव्हतं. या 52 फिल्म्स बघायलाच हव्यात असा आग्रह मी कुणाला धरणार नाही.

टीव्हीच्या प्रिंटची आणखी एक गोष्ट. काळी आणि गोरी मुलं एकाच टोळीत बरोबरीने खेळतात, हे त्या काळच्या अमेरिकेत सोपं नव्हतं. पण कृष्णवर्णीयांची टवाळी करणारे साचेबंद विनोदही या फिल्म्समध्ये भरपूर आहेत. 1970 च्या दशकाच्या सुरुवातीला टीव्ही वितरकांनी असे प्रसंग कापले, काही फिल्म्स तर दाखवणंच थांबवलं. म्हणून जुन्या टीव्ही प्रिंटमध्ये मध्येच एखादा प्रसंग तुटल्यासारखा वाटला, तर दोष बहुधा त्या कात्रीचा असतो. अशा वेळी न कापलेली, दुरुस्त केलेली आवृत्ती शोधावी.

आणि 1994 चा रंगीत ‘द लिटल रास्कल्स’? तो युनिव्हर्सलचा पूर्ण लांबीचा चित्रपट. पात्रांची नावं जुनी, पण मुलं सगळी नवी. त्याला या 220 मध्ये धरू नये.